यमदूताचे डोळे

त्या पुस्तकाचं मुखपृष्ठ मी कधीच पाहिलं नाही. माझ्या हाती आलं तेव्हाच ते गळून गेलेलं होतं. सुरुवातीची मजकुराची पानंही गेली होती, त्यामुळे पुस्तक उघडलं की पाऊल थेट नरकातच पडायचं. एका पानावर एक पाप आणि त्याच्याखाली त्याची शिक्षा. करवतीने चिरलेली माणसं, तलवारीच्या पात्यांसारखी पानं असलेल्या झाडांमधून पळणारी माणसं, कढईत उकळणारी माणसं. आजी पुस्तक मांडीवर घ्यायची, मी तिला चिकटून बसायची आणि तिचं बोट चित्रावरून फिरायचं. "हा बघ, हा आईबापांना उलटून बोलायचा. ह्याने दुसऱ्याचं लुबाडलं. आणि हा..." असं म्हणून ती जरा थांबायची आणि माझ्याकडे बघायची.

"हा खोटं बोलायचा."

मला छळलं ते ह्याच पानाने. हात मागे बांधलेला एक माणूस गुडघ्यांवर बसलाय आणि समोर उभा असलेला यमदूत सांडशीने त्याची जीभ ओढतोय. जीभ चांगली वीतभर बाहेर आलेली. मागे कढई, कढईखाली जाळ. छपाई स्वस्तातली होती. लाल रंगाचा ठसा काळ्या रेषांवर नीट बसला नव्हता, उजवीकडे थोडा सरकला होता. त्यामुळे जाळ कढईखालून बाहेर आला होता आणि यमदूताच्या ओठांचा लाल रंग त्याच्या गालावर गेला होता. ही छपाईतली चूक आहे हे आज कळतं. तेव्हा मला एवढंच दिसायचं की ह्या चित्रातला विस्तव आपल्या जागेवर राहत नाही, तो पानाच्या कडेकडे निघालाय.

यमदूताचा चेहरा क्रूर नव्हता. क्रूर असता तर परवडलं असतं, गोष्टीतल्या राक्षसांची मला सवय होती. हा चेहरा कामात असलेल्या माणसाचा होता. लाकूड रंधणाऱ्याचा असतो तसा शांत, थोडा कंटाळलेला. आणि ज्याची जीभ तो ओढत होता त्याच्याकडे तो बघतच नव्हता. चित्रकाराने त्याला समोर बघताना काढलं होतं. हात तिकडे आणि डोळे इकडे, माझ्याकडे.

मी सात वर्षांची असेन. शाळेतल्या एका मैत्रिणीचा खोडरबर माझ्या दप्तरात सापडला, तेव्हा "तिनेच दिला" असं मी सांगून टाकलं. तिने दिलेला नव्हता. त्या रात्रीपासून मी दात घट्ट मिटून, ओठांवर हात ठेवून झोपायला लागले. आरशासमोर तोंड उघडेनाशी झाले. मग काही दिवसांनी ताप आला. डॉक्टरांनी नाडी पाहिली, पोट दाबलं आणि नेहमीच्या आवाजात म्हणाले, "जीभ दाखव बघू." मी दाखवली नाही. त्यांच्या हातात जीभ दाबायची ती चपटी धातूची पट्टी होती. ती पाहून मी किंचाळले आणि खुर्चीवरून उतरून आईच्या पदरात शिरले. सगळे म्हणाले, पोर तापात बरळतेय. मी कुणालाच काही सांगितलं नाही. सांगायला तोंड उघडावं लागलं असतं.

हे सगळं आज इतक्या वर्षांनी लिहितेय, कारण देवाधर्माच्या चित्रांनी माणसाला श्रद्धा दिली की भीती, हा प्रश्न माझ्यासाठी कधी पुस्तकी राहिलाच नाही.

पुढे वाचताना कळलं की आजीचं ते चित्रावरून फिरणारं बोट फार जुनं आहे. बाणभट्टाच्या हर्षचरितात, म्हणजे सातव्या शतकात, ते सापडतं. वडील आजारी असल्याचा निरोप आल्यावर हर्ष घाईने राजधानीत परततो. बाजारातून जाताना त्याला एक यमपट्टिक दिसतो. डाव्या हातात उभी काठी, काठीवर ताणलेला पट, पटावर अक्राळविक्राळ रेड्यावर बसलेला यम, आणि उजव्या हातातल्या बोरूने तो माणूस परलोकात काय काय घडतं ते दाखवतोय. बाणभट्ट त्याच्याभोवतीची गर्दीही टिपतो. ती गर्दी कुतूहलाने जमलेल्या लहान मुलांची आहे. हे वाचलं तेव्हा मी पुस्तक मिटून थोडा वेळ नुसती बसून राहिले होते. मुद्राराक्षस या संस्कृत नाटकात तर चाणक्याचा हेरच यमपट घेऊन घरोघर फिरतो. यमाची चित्रं दाखवणाऱ्याला दारात कोण अडवणार!

जपानमध्येही हेच. सोळाव्या-सतराव्या शतकांत कुमानोच्या भिक्षुणी घडी घातलेले मोठमोठे चित्रपट घेऊन गावोगाव हिंडायच्या. पटाच्या वरच्या भागात माणसाचं आयुष्य टेकडी चढावी आणि उतरावी तसं रंगवलेलं आणि खाली नरक. समोर बहुतेक बायका आणि मुलं. हातातल्या काठीने त्या एकेक जागा दाखवत, गात, सांगत. युरोपात पोप पहिला ग्रेगरी याने इसवी सन ६००च्या सुमारास मार्सेयच्या बिशपला पत्र लिहिलं. लोक चित्रांची पूजा करतात म्हणून त्या बिशपने ती फोडून टाकली होती. ग्रेगरीने त्याला सुनावलं की वाचणाऱ्याला जे अक्षरांतून मिळतं ते न वाचणाऱ्याला चित्रातून मिळतं. हे खरंच आहे. पण न वाचणाऱ्याला चित्राशेजारी उभा असलेला सांगणाराही लागतो आणि तो काय सांगेल यावर त्याचं काही चालत नाही. चित्रातला यमदूत शेकडो वर्षं तोच राहतो. शेजारचं बोट मात्र दरवेळी कुणाचं तरी वेगळं असतं.

मोठी झाल्यावर मी एकदा मुद्दाम मूळ मजकूर शोधला. भागवताच्या पाचव्या स्कंधाच्या शेवटी २८ नरकांची यादी आहे. खोटं बोलणाऱ्यासाठी तिथे जो नरक सांगितलाय त्याचं नाव अवीचि. शंभर योजनं उंच डोंगराच्या कड्यावरून त्याला डोकं खाली करून ढकलतात. खाली पाण्यासारखं चकाकणारं काहीतरी दिसतं, पण ते पाणी नसतं, दगडाचं मैदान असतं. वीचि म्हणजे लाट, म्हणून हे अवीचि, जिथे लाटच नाही. खोट्या माणसाला अखेर खोटंच पाणी भेटावं, ही कल्पना मला कवीची वाटली. इथे सांडशी नाही, जीभ नाही. आणि कुठलं खोटं? साक्ष देताना, पैशाच्या व्यवहारात, दान देताना बोललेलं. ज्या खोट्याने दुसऱ्याचं घर बसतं, असं मोठ्या माणसांचं खोटं. चित्रकाराला दानातली लबाडी रंगवता येत नाही. जीभ रंगवता येते. मजकुरातून चित्रात येताना सावकाराचा, खोट्या साक्षीदाराचा अपराध गळून गेला आणि खोडरबरवालीचा तेवढा उरला.

माझ्यासारखाच घाबरलेला आणखी एक मुलगा मला पुस्तकांत भेटला. हाकुइन. जन्म १६८६. जपानी झेन परंपरेतल्या सगळ्यात मोठ्या गुरूंपैकी एक. लहानपणी त्याने एका भिक्षूच्या तोंडून आठ तप्त नरकांचं वर्णन ऐकलं. मग एके दिवशी आईबरोबर तो आंघोळीला गेला. आईला पाणी कढत हवं होतं, म्हणून तिने हौदाखाली आणखी लाकडं सारायला सांगितली. जाळ फुरफुरायला लागला, पाणी गरम होत गेलं आणि पोराने असा टाहो फोडला की घरभर ऐकू गेला. म्हातारपणी स्वतःची कहाणी लिहिताना त्याने हा प्रसंग आवर्जून लिहिलाय. ती भीती त्याला देवळात घेऊन गेली, भिक्षू करून गेली. म्हणजे बघा, भीतीतून श्रद्धा जन्मतच नाही असंही म्हणता येत नाही. पण हाकुइनला पुढची ६०-७० वर्षं त्या भीतीच्या मागे लागून तिच्या मुळापर्यंत जावं लागलं. मोठेपणी ज्या अक्षरांची चित्रं तो काढून देई त्यांत एक वाक्य आहे, "नरक या महाबोधिसत्त्वाला नमस्कार." जाड, काळ्या, ठाम फटकाऱ्यांनी लिहिलेलं. त्याचा फोटो मी पाहिलाय आणि दर वेळी तो हौदातला मुलगा आठवतो. एवढं लांब यायला प्रत्येकाला सवड कुठे मिळते? बहुतेक मुलं हौदातच राहतात.

आता आजीबद्दल.

आजीवर मी पुष्कळ वर्षं मनातून रागावलेली होते. मग एक गोष्ट आठवायला लागली, जी लहानपणी पाहूनही कळली नव्हती. त्या पुस्तकातलं एक पान ती पटकन उलटायची नाही. दुसऱ्याची जमीन, दुसऱ्याचा वाटा गिळणाऱ्याचं पान. तिथे बोट थांबायचं आणि ती काहीच बोलायची नाही. माझे आजोबा गेल्यावर तिच्या वाट्याचं जे होतं ते तिला मिळालं नव्हतं. कुणी घेतलं हे सगळ्यांना माहीत होतं. ती माणसं सणासमारंभाला घरी यायची आणि ती त्यांना वाढायची. तिच्यासाठी कुठलं कोर्ट उघडं नव्हतं. चित्रगुप्ताची वही तेवढी उघडी होती. तेच पुस्तक, तोच यमदूत, पण तो माझ्याकडे बघत होता तसा तिच्याकडे बघत नव्हता. तिच्या बाजूने तो कामाला लागलेला होता.

हे कळल्यावर नरकाच्या चित्रांबद्दल सरसकट बोलणं माझ्याकडून सुटलं. इटलीतल्या पादुआ शहरात एन्रिको स्क्रोवेन्यी नावाच्या श्रीमंत माणसाने एक प्रार्थनागृह बांधलं. १३०५च्या सुमारास जोत्तो या चित्रकाराने ते आतून चितारलं. एन्रिकोचा बाप रेजिनाल्दो सावकारी करायचा. तो इतका बदनाम होता की दान्तेने त्याला आपल्या महाकाव्यात नरकात बसवलं. प्रार्थनागृहातून बाहेर पडताना दारावरच्या भिंतीवर अखेरचा निवाडा आहे. ख्रिस्ताच्या आसनापासून आगीच्या नद्या निघून खाली नरकात उतरतात आणि तिथे सावकार आपल्याच पैशांच्या पिशव्यांच्या दोरीने लटकलेले आहेत. त्याच भिंतीवर, बऱ्या बाजूला, एन्रिको गुडघे टेकून प्रार्थनागृहाची छोटी प्रतिकृती मरियमेला अर्पण करतोय. ही भिंत त्या गावातल्या कर्जात बुडालेल्या एखाद्या माणसाने पाहिली असेल तर त्याला काय वाटलं असेल? भीती खासच नाही. आणि ज्याच्या पैशाने रंग आले, त्याने बापाला लटकलेल्यांत बघण्याचं भय भिंतीवर रंगवून, स्वतःची जागा मात्र आधीच धरून ठेवली. श्रीमंताला नरकाशी बोलणी करता येतात. माझ्याकडे सात वर्षांची असताना तेवढंही काही नव्हतं.

चित्रातल्या डोळ्यांनी काय होतं याची एक साधी चाचणी इंग्लंडमधल्या न्यूकॅसल विद्यापीठात झाली, ती २००६ साली प्रसिद्ध झाली. एका विभागाच्या चहा-कॉफीच्या खोलीत पैसे आपापले डब्यात टाकायचे, कुणी बघायला नाही. दरपत्रकाच्या वर एक आठवडा फुलांचं चित्र आणि एक आठवडा माणसाच्या डोळ्यांचं. डोळ्यांच्या आठवड्यांत डब्यात जवळजवळ तिप्पट पैसे जमले. पुढे इतरांनी असे प्रयोग केले तेव्हा सगळीकडे तसंच दिसलं नाही, त्यामुळे ह्यावर इमला बांधायला नको. पण मला प्रश्न दुसराच पडतो. समजा डबा भरला. भरू दे. डब्यात नाणं टाकणाऱ्याला त्या डोळ्यांबद्दल प्रेम वाटलं का? त्यांच्यापाशी जाऊन बसावंसं, रडावंसं वाटलं का? खोडरबरच्या प्रसंगानंतर मी बरेच महिने एकही खोटं बोलले नाही. त्या महिन्यांत मी देवाकडेही काही मागितलं नाही. हात जोडायची ते लांबून, आणि लवकर. ख्रिस्ती धर्मसुधारक मार्टिन लूथरनेही लिहून ठेवलंय की ख्रिस्त म्हणजे इंद्रधनुष्यावर बसलेला न्यायाधीश, एवढंच त्याच्या मनावर बिंबलं होतं आणि त्या रूपापुढे तो थरथरायचा. ज्याच्याकडे धाव घ्यायची त्याचाच धाक बसला की माणसाने जायचं कुठे?

मग चित्रंच नकोत का? असं म्हणणारेही होऊन गेले. बायझंटाइन साम्राज्यात आठव्या-नवव्या शतकांत चित्रं फोडण्यावरून आणि राखण्यावरून पिढ्यानपिढ्या रक्त सांडलं आणि ८४३ साली ती चित्रं कायमची परत आली. इस्लामने मशिदीत अक्षर ठेवलं, आकृती ठेवली नाही. सांचीच्या जुन्या शिल्पांत बुद्ध दिसतच नाही. रिकामं आसन, झाड, पावलं दिसतात. त्या रिकाम्या आसनापुढे मला फार बरं वाटतं, हे खरं. पण भीती चित्र नसलं म्हणून अडत नाही. हाकुइनने ऐकलं ते शब्दच होते, जाळ त्याने स्वतःच रंगवला.

आणि भयंकर रूप म्हटलं की ते धाकासाठीच असणार, हेही खोटं. भगवद्गीतेचा अकरावा अध्याय मला ह्याच कारणासाठी पुन्हा पुन्हा वाचावासा वाटतो. अर्जुन स्वतः मागतो, तुझं ईश्वरी रूप दाखव. दिसतं ते काय, तर विक्राळ दाढा आणि त्या तोंडांमध्ये धावत शिरणारे योद्धे, काहींची डोकी दातांमध्ये चुरडून अडकलेली. ज्याने लढायांत आयुष्य घालवलं तो माणूस कापायला लागतो. तो म्हणतो की जे कधी पाहिलं नव्हतं ते पाहून आनंद झालाय खरा, पण मन भयाने व्याकूळ झालंय. पुन्हा त्या चतुर्भुज रूपात ये. आणि कृष्ण येतो. ह्या अध्यायातलं विश्वरूप सगळ्यांच्या तोंडी असतं. मला मोठी वाटते ती ही परतीची विनंती आणि ती ऐकली जाणं. भक्ताने सांगितलं, मला भीती वाटतेय, आणि देवाने आपला चेहरा बदलला. असा प्रसंग कुणी माझ्या बोटाला धरून दाखवला असता तर!

नृसिंहाचंही तसंच. मूर्ती बघायला भीषण. मांडीवर आडवा हिरण्यकशिपू, फाडलेलं पोट, गळ्यात आतड्यांची माळ. भागवत सांगतं की देव लांब उभे राहून स्तुती करत होते आणि खुद्द लक्ष्मीही जवळ जाईना, असं रूप तिने कधी पाहिलंच नव्हतं. शेवटी ब्रह्मदेवाने प्रह्लादाला पुढे केलं. पोर गेलं आणि पायाशी आडवं झालं. त्या नखांच्या, रक्ताने माखलेल्या हाताने त्याला उठवलं आणि तोच हात त्याच्या डोक्यावर ठेवला. प्रह्लाद म्हणतो, तुझ्या ह्या भयानक तोंडाला, जिभेला, सूर्यासारख्या डोळ्यांना, दाढांना मी भीत नाही. मला भीती वाटते ती ह्या संसाराच्या चक्राची. मुलाला आयुष्यभर ज्याने छळलं त्याच्याकडे ती नखं वळलेली आहेत, हे मुलाने ओळखलंय. कालीची जीभ बाहेर, गळ्यात मुंडमाळा, डाव्या हातांत तलवार आणि तोडलेलं मस्तक. पण उजवे दोन हात बघावेत. एक अभय देतोय, एक वर देतोय. तिला आई म्हणणाऱ्यांनी तिचे उजवे हात पाहिलेले असतात. विष्णुसहस्रनामात तर दोन नावं एकमेकांना लागूनच येतात, भयकृत् आणि भयनाशन. भीती निर्माण करणारा आणि भीती घालवणारा, मध्ये श्वासाचंही अंतर नाही. माझ्या पुस्तकातल्या यमदूताला दोनच हात होते आणि दोन्ही कामात होते.

बाबा शेवटी अंथरुणाला खिळले तेव्हा त्यांच्या पाठीला जखमा झाल्या. ड्रेसिंग करायला मीच बसायची. त्या दिवसांत एका मैत्रिणीने युरोपीय चित्रांचं जाडजूड पुस्तक आणून दिलं होतं, रात्री जागताना चाळायला. त्यात इझेनहाइमच्या वेदीचं चित्र निघालं. माटियास ग्र्यूनेवाल्डने ते १५१२ ते १५१६ या वर्षांत केलं. आता ते फ्रान्समधल्या कोल्मार इथल्या संग्रहालयात आहे. क्रुसावरचा ख्रिस्त. मी पुष्कळ क्रूस पाहिले होते, त्यांवरचं शरीर गोरंगोमटं आणि झोपल्यासारखं असतं. इथली कातडी हिरवट पडलीय, अंगभर काट्यांची कुसळं मोडून रुतलेली, जागोजाग फोड, बोटं वेदनेने वाकडी होऊन आभाळाकडे ताठलेली. मी पान उलटणार होते. मग खालचा मजकूर वाचला. हे चित्र संत अँथनीच्या नावाच्या मठासाठी केलेलं आहे आणि त्या मठात एका भयंकर रोगाचे रोगी सांभाळले जात. राय नावाच्या धान्यावर बुरशी येते, ते पीठ पोटात गेलं की अंगाची आग आग होते, हातपाय काळे पडून सडतात, कापावे लागतात. ह्या रोगाला लोक अँथनीची आग म्हणत. त्या रोग्यांना ह्या चित्रासमोर आणलं जाई.

मी परत ते फोड पाहिले. ज्याच्या अंगावर तेच फोड आहेत त्या माणसाला इथे काय दिसलं असेल, याचा विचार करत पाहिले. चित्र त्याला "तू असं केलंस म्हणून तुझं असं झालं" असं म्हणत नव्हतं. देवाने त्याची कातडी अंगावर घेतली होती. त्याच वेदीच्या आतल्या एका फळ्यावर राक्षसांनी ओरबाडून जमिनीवर पाडलेला अँथनी आहे आणि उजव्या कोपऱ्यात खाली एक कागदाचा तुकडा रंगवलाय. त्यावर लॅटिनमध्ये लिहिलंय, येशू, कुठे होतास तू? माझ्या जखमा बऱ्या करायला का आला नाहीस? देवाच्या वेदीवर देवाविरुद्धची ही तक्रार, ठळक अक्षरांत, आणि ती कुणी पुसली नाही. पलीकडच्या खोलीत बाबा कण्हत होते. मी बराच वेळ त्या कागदाच्या तुकड्याकडे बघत होते. मुलगी म्हणून, माणूस म्हणून मला नेमकं तेच विचारायचं होतं आणि विचारलं तर पाप लागेल अशी सात वर्षांच्या मुलीची भीती अजून माझ्या दातांमागे होती. त्या रात्री मी विचारलं. मोठ्याने. उत्तर आलं नाही, पण विचारताना जीभ ओढली गेली नाही.

कुठलंही देवाचं चित्र पाहताना मी आता एकच पाहते, ह्यातली भीती तोंड कुणाकडे करून आहे. विटेवर उभा विठ्ठल असो, हात कमरेवर, हातात शस्त्र नाही, किंवा चार सुळ्यांचा कुणी द्वारपाल असो. सुळे असणं नसणं हा पुढचा प्रश्न.

डोळ्यांना माणूस पूर्वीपासून किती जपत आलाय! श्रीलंकेत नव्या बुद्धमूर्तीचे डोळे रंगवायचा विधी असतो. मूर्ती पूर्ण होते, डोळे तेवढे शेवटपर्यंत राखून ठेवतात. ठरलेल्या मुहूर्तावर कारागीर मूर्तीकडे पाठ करून उभा राहतो, आरसा धरतो आणि आरशात बघत, खांद्यावरून मागे हात नेऊन बुबुळं रंगवतो. उघडणाऱ्या डोळ्यांची पहिली नजर थेट अंगावर घ्यायची नसते. मग त्याला डोळे बांधून बाहेर नेतात आणि पट्टी सोडल्यावर ज्या वस्तूवर त्याची पहिली नजर पडते तिच्यावर तो तलवारीचा वार करतो. बुद्धाची नजर, करुणेची, तरी एवढी काळजी. आणि लहान मुलांच्या हाती आपण यमदूताचे डोळे देतो, नुसते, उघडे.

युरोपातल्या जुन्या हस्तलिखितांत सैतानांच्या चित्रांवर ओरखडे सापडतात. वाचणाऱ्यांनी नखाने, चाकूच्या टोकाने त्यांचे चेहरे खरवडलेत, बहुतेक ठिकाणी डोळेच. कुणी, कुठल्या रात्री, काय सोसत असताना हे केलं, त्याची कुठेच नोंद नाही.

गेल्या वर्षी जुनं घर रिकामं केलं. ट्रंकेच्या तळाशी, जुन्या पत्रिकांखाली ते पुस्तक निघालं. मी जमिनीवर बसले आणि पानं उलटत गेले. करवत, झाडं, कढई. जमीन गिळणाऱ्याच्या पानाचा कोपरा इतर पानांपेक्षा जास्त मळलेला, बोटांच्या तेलाने पारदर्शक झालेला. मग ते पान आलं. जाळ तसाच कढईबाहेर, ओठांचा रंग गालावर. आणि यमदूताच्या डोळ्यांच्या जागी दोन छिद्रं. बारीक, गोल, नीट मध्यावर मारलेली. पान उजेडाकडे धरलं तर दोन्हींतून उजेड यायचा.

हे मी केलेलं मला आठवत नव्हतं. मला तर ते डोळे इतके स्वच्छ आठवत होते की मी आत्ता काढून दाखवले असते. आई दारात उभी होती. मी पान तिच्यापुढे धरलं.

"तूच केलंस," ती म्हणाली. "डॉक्टरांकडून आलो ना, त्याच रात्री. ताप उतरला नव्हता अजून. झोपेत नुसती दातखीळ बसल्यासारखी करायचीस. उठवून विचारलं तर त्या पुस्तकाकडे बोट दाखवलंस."

मी म्हटलं, "आणि तू करू दिलंस?"

आईने पुस्तक माझ्या हातातून घेतलं, बोट त्या दोन छिद्रांवरून एकदा हलकेच फिरवलं.

"टाचणी मीच दिली होती. दिवा धरून बसले होते शेजारी. तुझ्या आजीला सांगू नकोस म्हटलं होतं तुला."

तिने पुस्तक मिटलं आणि न्यायच्या सामानात ठेवलं.